कांदा मेला नाही, झोपलाय!

‘वहिनी, तुम्ही दिलेला लिलीचा कांदा मेला हो! सगळी पानं पिवळी पडली.’ डिसेंबर लागला की शहापुरात भाजी घेताना हे वाक्य मला दोन-तीनदा तरी ऐकू येतं. माझं उत्तर ठरलेलं. कांदा मेला नाही, झोपलाय. कुंडी टाकून देऊ नका.

मैत्रिणींनो, आपण जिला नुसतं ‘लिली’ म्हणतो, ती ही अ‍ॅमॅरिलिस. जाड, पोकळ दांडा आणि त्यावर कर्ण्यासारखी दोन ते पाच मोठाली फुलं. लाल, शेंदरी, नाहीतर लालावर पांढरी रेघ. नर्सरीतून हौसेने आणतो, पहिल्या वर्षी फुलते आणि पुढच्या वर्षी नुसती पानंच. मग आपण कंटाळतो. खरं तर तिला फार काही नको असतं. तिचं वेळापत्रक तेवढं समजून घ्यायला हवं.

ती मूळची दक्षिण अमेरिकेची. युरोपात ती थंडीत घरात ठेवून नाताळच्या सुमारास फुलवतात. तिथलं वेळापत्रक इथे चालत नाही. आपल्याकडे ती मार्च ते मे या दिवसांत फुलते, म्हणजे नेमकी पाण्याच्या ओढीत. आपल्या तालुक्यातल्या तानसा धरणाचं पाणी १८९२ पासून मुंबईला जातंय, पुढे भातसाचंही गेलं. पण एप्रिल-मेमध्ये आपल्याच पाड्यांवर टँकरची वाट बघावी लागते. जिने डोक्यावरून हंडा आणलाय, तिला ‘बाग करा’ म्हणायला माझी जीभ रेटत नाही. हे झाड मात्र मी बिनधास्त सुचवते. दोन-तीन दिवसांनी तांदूळ धुतलेलं पेलाभर पाणी मिळालं तरी त्याचं भागतं.

हे कसं जमतं? कांदा आडवा कापला तर स्वयंपाकघरातल्या कांद्यासारखेच पापुद्रे दिसतात. दोघं एकाच कुळातले. हे पापुद्रे म्हणजे झाडाची कणगी. आपण कणगीत भात भरतो, तसं ते त्यात अन्नपाणी साठवतं. आणि कणगी भरायचं काम करतात पावसाळ्यातली पानं. साधारण चार पानांमागे एक कळी आतल्या आत तयार होते. म्हणून फुलं संपल्यावर पानं कापली, किंवा कुंडी अंधाऱ्या कोपऱ्यात सारली, की पुढच्या वर्षीचं फूल गेलंच समजा.

वर्षाचं वेळापत्रक

फुलं सुकली की तेवढीच खुडा, बी धरू देऊ नका. दांडा पिवळा पडल्यावर कापा. जूनपासून कुंडी बाहेर उजेडात ठेवा, पण पागोळ्यांखाली नको. मुरबाडकडचा पाऊस कांद्याच्या मानेत साचला की तो कुजतोच. महिन्यातून एकदा मूठभर शेणखत आणि चिमूटभर चुलीची राख घाला.

दिवाळी झाली की पाणी हळूहळू बंद करा. पानं पिवळी पडून वाळतील, तेव्हा काढून टाका. कुंडी कोरड्या, सावलीच्या जागी सरकवा. पौष पौर्णिमेला मुरबाडजवळ म्हसा यात्रा भरते, तोवर तिला अजिबात उठवू नका. जत्रा उरकली, की वरची बोटभर माती बदला, एकदाच पाणी द्या आणि उजेडात ठेवा. कळीचं टोक दिसलं की मगच नेमाने पाणी. होळी-पाडव्याच्या सुमारास फूल आलं की कुंडी घरात आणा. दुपारचं ऊन लागलं नाही तर फुलं जास्त दिवस टिकतात.

लावताना

कुंडी लहानच घ्या. कांदा आणि कडा यांत दोन बोटांचं अंतर पुरे. तळाला भोक हवंच. लाल माती, शेणखत आणि गिरणीतला भाताचा तूस समप्रमाणात घ्या. कांद्याचा वरचा तिसरा हिस्सा मातीबाहेर राहू द्या, पूर्ण गाडू नका.

पावसाळ्यात काळ्या अंगावर पांढरे-तांबडे ठिपके असलेली अळी येते. एका रात्रीत पानं फस्त करते. औषधाच्या मागे न लागता सकाळी चिमट्याने वेचा.

आणि एक महत्त्वाचं. हा कांदा विषारी असतो. पोटात गेला तर उलट्या, जुलाब होतात. तेव्हा काढलेले कांदे स्वयंपाकघरात, कांद्या-बटाट्याच्या टोपलीजवळ कधीही ठेवू नका. लहान मुलं, कुत्री-मांजरं, शेळ्या यांच्यापासून दूर ठेवा, आणि हाताळल्यावर हात धुवा.

दोन-तीन वर्षांत कांद्याच्या कडेला पिल्लं धरतात. ती आईच्या तिसऱ्या हिश्शाएवढी झाली की वेगळी करता येतात, आणि पुढे दोन-तीन वर्षांत फुलतात. वेगळी करायची योग्य वेळ म्हणजे कांदा झोपलेला असतानाची, ऐन संक्रांतीची! मग हळदी-कुंकवाला दरवर्षी त्याच प्लास्टिकच्या डब्या कशाला? यंदा एकेक पिल्लू वाण म्हणून द्या. कागदात गुंडाळून, वर ‘खायचा नाही, लावायचा’ असं लिहून. आणि देताना एवढं जरूर सांगा, की पानं पिवळी पडली तरी घाबरू नका.