द्रोणागिरी : भाव चढले कसे, अडकलं कोण?

▪ मूळ : जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यात (नवी मुंबईतलं द्रोणागिरी इथेच येतं) नवी मुंबईसाठीच्या भूसंपादनाविरुद्धच्या आंदोलनावर गोळीबार झाला; पाच शेतकरी हुतात्मा झाले. त्या लढ्यातूनच संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड शेतकऱ्यांना परत देण्याची योजना आली.

▪ तेजी : २००७ मध्ये नवी मुंबई विमानतळाला केंद्राची मंजुरी मिळाली. द्रोणागिरी, उलवे इथल्या भूखंडांना भाव आला. राहायला येणाऱ्यांआधी गुंतवणूकदार पोहोचले.

▪ मंदी : रेल्वे, सागरी सेतू, विमानतळ सगळंच लांबलं. त्यात २०१६ ची नोटाबंदी. २०१८ मध्ये आयएल अँड एफएस या वित्तकंपनीनं कर्जफेड चुकवल्यावर बिल्डरांचा वित्तपुरवठाही आटला. गिऱ्हाईक थांबलं की बुकिंगच्या पैशावर चाललेलं बांधकामही थांबतं.

▪ परिणाम : अर्धवट मजले, खाऱ्या वाऱ्यानं गंजलेल्या सळया. घराचा ताबा नाही, तरी भाडं आणि हप्ता दोन्ही भरणारी कुटुंबं. आणि योजनेत मिळालेला भूखंड आधीच विकून बसलेला भूमिपुत्र.

▪ आज : १२ जानेवारी २०२४ रोजी अटल सेतू (तोच सागरी सेतू) आणि उरण लोकलचं उद्घाटन झालं, ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचं. बाजार पुन्हा तापतो आहे. घर घेण्याआधी महारेरा नोंदणी, भोगवटा प्रमाणपत्र आणि नळाचं पाणी स्वतःच्या डोळ्यांनी पाहा.