पहिला हंगाम आणि दहावा हंगाम

आसगाव (ता. पवनी, जि. भंडारा) : चौरास भागात धानाची कापणी आटोपली, चुरणे झाले की गावागावांत रिकाम्या झालेल्या बांध्यांकडे पोरांचे लक्ष जाते. कुठे शंकरपटाची तयारी सुरू होते, कुठे झाडीपट्टीच्या नाटकाचा मंडप पडतो आणि कुठे माती भुसभुशीत करून, पाणी शिंपडून कबड्डीचे मैदान आखले जाते. या मैदानाला मालक नसतो, प्रायोजक नसतो. वर्गणी असते आणि मंडळ असते. अशा मातीतून निघालेला खेळाडू आज लिलावात लाखोंची बोली मिळवू शकतो, हे दहा-पंधरा वर्षांपूर्वी कोणी सांगितले असते तर ते खरे वाटले नसते. व्यावसायिक संघ म्हणजे नेमके काय, तो पहिल्या हंगामात कसा उभा राहतो आणि पुढे का टिकतो वा का बुडतो, हा प्रश्न म्हणूनच केवळ महानगरांचा राहिलेला नाही. त्याचे उत्तर शोधताना प्रथम लंडनला जावे लागते.

विजेता संघ, पण मुळे नाहीत

अमेरिकन फुटबॉल हा आपल्याकडील फुटबॉलहून सर्वस्वी वेगळा खेळ. प्रत्येकी अकरा खेळाडू, अंडाकृती चेंडू, डोक्यावर शिरस्त्राण आणि खांद्यांवर कवच. चार प्रयत्नांत किमान दहा यार्ड पुढे सरकायचे, न जमल्यास चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या हाती जातो. प्रत्येक प्रयत्नानंतर खेळ थांबतो, नवी चाल रचली जाते. चढाई आणि पकड यांची सवय असलेल्या प्रेक्षकाला त्यातील धडक कळते, पण डावपेच कळायला वेळ लागतो.

हा खेळ युरोपात रुजविण्यासाठी अमेरिकेतील नॅशनल फुटबॉल लीगच्या पाठबळावर १९९१ मध्ये दहा संघांची एक जागतिक लीग सुरू झाली. त्यात युरोपचे तीन संघ होते : लंडन मोनार्क्स, फ्रँकफर्ट गॅलेक्सी आणि बार्सिलोना ड्रॅगन्स. २३ मार्च १९९१ रोजी फ्रँकफर्ट येथे झालेल्या सामन्यात लंडनने यजमानांना २४-११ असे नमविले. पुढे दहा साखळी सामन्यांपैकी नऊ जिंकून, केवळ एक गमावून हा संघ अंतिम फेरीत पोहोचला. ९ जून रोजी वेम्बली स्टेडियमवर ६१ हजारांहून अधिक प्रेक्षकांसमोर त्याने बार्सिलोनाला २१-० असे हरवून विजेतेपद मिळविले. नव्या संघाला यापेक्षा थोर पहिला हंगाम कोणता असू शकतो?

परंतु दुसऱ्याच वर्षी, १९९२ मध्ये, हाच संघ दहापैकी दोनच सामने जिंकू शकला. त्या हंगामानंतर लीगच स्थगित झाली. १९९५ मध्ये ती केवळ युरोपीय संघांसह पुन्हा सुरू झाली, तेव्हा वेम्बलीचे ते दिवस मागे पडले होते. मैदाने बदलली, प्रेक्षक घटले, शेवटी संघाचे नाव ‘इंग्लंड मोनार्क्स’ करून पाहिले आणि १९९८ नंतर संघ बंद झाला. लीगचाही २००७ मध्ये शेवट झाला.

कारण शोधायला फार दूर जावे लागत नाही. संघाचे प्रशिक्षक अमेरिकन, बहुतेक खेळाडू अमेरिकन, खेळाचे नियम अमेरिकन. गोल खांबांमधून चेंडू मारणारा फिल अलेक्झांडर यांच्यासारखा एखादाच इंग्लिश खेळाडू नजरेत भरे. प्रेक्षक कुतूहलाने आले, जल्लोष करून गेले. घरी परतल्यावर गल्लीतल्या मुलाच्या हाती मात्र तो चेंडू नव्हता.

फ्रँकफर्टची गोष्ट मात्र थोडी निराळी. जर्मनीत स्थानिक क्लबांचे जाळे विणले गेले होते. म्हणूनच २०२१ मध्ये सुरू झालेल्या नव्या युरोपीय लीगमध्ये गॅलेक्सी हे जुने नाव घेऊन नवा संघ उतरला आणि पहिल्याच हंगामाचा विजेता ठरला. या लीगमध्ये अमेरिकन खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा होती. खेळण्याचा मुख्य भार स्थानिकांवर होता.

पुण्यातील प्रयोग

हाच खेळ महाराष्ट्रातही येऊन गेला, हे अनेकांच्या स्मरणात नसेल. २०११ मध्ये ‘एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडिया’ची घोषणा झाली. माईक डिट्का, कर्ट वॉर्नर यांच्यासारखे अमेरिकेतील नामवंत आणि अभिनेते मार्क वॉलबर्ग यांची नावे तिच्याशी जोडली गेली. पहिल्या हंगामातील संघांत ‘पुणे मराठाज’ आणि ‘मुंबई ग्लॅडिएटर्स’ हेही होते. खेळाडू अर्थातच भारतीय, पण त्यांना हा खेळ मुळापासून शिकवावा लागला. २०१२ च्या त्या हंगामात पुण्याचा संघ विजेता ठरला. तरीही लीग जनमानसात रुजली नाही. लंडनची उणीव येथे उलट्या बाजूने दिसली. तेथे खेळाडू परके होते, येथे खेळच परका होता. शाळेत नाही, तालमीत नाही, गावच्या जत्रेत नाही, असा खेळ केवळ दूरचित्रवाणीच्या बळावर फार काळ तग धरत नाही.

मातीतून मॅटवर

दोनच वर्षांनी, २६ जुलै २०१४ रोजी, मुंबईत वरळीच्या बंदिस्त क्रीडागृहात प्रो कबड्डी लीगचा पहिला सामना झाला. आठ संघ होते आणि त्यांत महाराष्ट्राचे दोन : ‘यू मुम्बा’ आणि ‘पुणेरी पलटण’. त्या लिलावात सर्वाधिक बोली राकेशकुमार यांच्यावर, १२ लाख ८० हजार रुपयांची लागली. कर्णधार अनुपकुमार यांच्या नेतृत्वाखाली यू मुम्बाने पहिल्या सामन्यात जयपूरला ४५-३१ असे नमविले. ३१ ऑगस्टच्या अंतिम सामन्यात मात्र त्याच जयपूरने ३५-२४ अशी परतफेड केली. पुणेरी पलटण आठ संघांत आठवी राहिली.

लीग मात्र जिंकली. याचे श्रेय झगमगत्या दिव्यांना जसे आहे, तसेच त्यामागील शतकभराच्या मशागतीलाही आहे. कबड्डीच्या नियमांना छापील रूप मिळण्याचे काम १९२० च्या दशकापासून सुरू झाले. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी हा देशी खेळ जगाला दाखविला. बुवा साळवी यांच्यासारख्यांनी संघटनेसाठी आयुष्य वेचले. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई स्पर्धेत कबड्डीला पदकाचा मान मिळाला. व्यावसायिक लीगने हे उभे पीक कापले. पेरणी कितीतरी आधीची होती.

तिने खेळ बदललाही. अनवाणी पायांखालची माती जाऊन मॅट आली, पायांत बूट आले. लागोपाठ दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसऱ्या चढाईत गुण मिळवणे भाग, नाहीतर चढाईपटू बाद. मैदानात तीन वा त्याहून कमी बचावपटू असताना पकड साधली तर एक जादा गुण. वेळकाढूपणाला जागा उरली नाही.

शेवटचा पहिला झाला

खरा बोध पुणेरी पलटणच्या वाटचालीत आहे. पहिल्या हंगामात तळाला राहिलेला हा संघ दुसऱ्या हंगामातही तळालाच होता. मग संघाने तरुण खेळाडू हेरून घडविण्यावर भर दिला. १ मार्च २०२४ रोजी दहाव्या हंगामाच्या अंतिम सामन्यात त्याने हरियाणाला २८-२५ असे हरवून पहिले विजेतेपद मिळविले. कर्णधार होता अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) जिल्ह्यातून आलेला अस्लम इनामदार. पहिल्याच हंगामात अजिंक्य ठरलेले लंडन आठ वर्षांत नामशेष झाले आणि पहिल्या हंगामात शेवटची असलेली पलटण दहाव्यात शिखरावर पोहोचली.

आसगावसारख्या गावाच्या दृष्टीने यातच कळीचा मुद्दा आहे. २०२३ च्या लिलावात पवन सेहरावत याच्यावर २ कोटी ६० लाखांहून अधिक बोली लागली. हे आकडे गावातल्या पोरांच्या कानी पोहोचतात. पण मातीवर तयार झालेल्या पोराला मॅटवर घोटा आणि गुडघा सांभाळायला नव्याने शिकावे लागते. वजनाची मर्यादा, आहार, दुखापतीवर वेळेत उपचार, निवड चाचणीपर्यंतचा प्रवास, या सर्वांचा खर्च गावच्या वर्गणीत बसत नाही. तालुक्याच्या ठिकाणी एक मॅट, एक जाणता मार्गदर्शक आणि शाळेच्या वेळापत्रकात खेळाचा खराखुरा तास एवढे मिळाले, तरी वाट बरीच सोपी होईल.

लंडनकडे स्टेडियम होते, पुणे मराठाजकडे नामवंतांची नावे होती. चौरासच्या बांधीकडे यांतले काहीच नाही. तिच्याकडे खेळणारी पोरे आहेत आणि सामना पाहायला रात्र जागवणारे गाव आहे. दहाव्या हंगामाची तयारी तेथूनच करावी लागते.