पार्श्वभूमीतील गेम रेकॉर्डिंग

पार्श्वभूमीतील गेम रेकॉर्डिंग ही वैयक्तिक संगणकावर चाललेल्या खेळाचे चित्रण, खेळाडूने प्रत्येक वेळी आज्ञा न देता, सतत करीत राहणारी सुविधा होय. या सुविधेत शेवटची काही सेकंदे किंवा मिनिटे तात्पुरती साठवली जातात. खेळाडूने ठरावीक कळा दाबल्या तर तेवढा भाग कायम जतन होतो, अन्यथा तो पुसून त्याजागी नवे चित्रण येते. क्रिकेटच्या दूरदर्शन प्रक्षेपणात झेल टिपल्यानंतर तो क्षण पुन्हा दाखवला जातो, त्याच कल्पनेचे हे घरगुती रूप आहे. संगणकाचा वेग टिकवणे, साठवणुकीची जागा वाचवणे आणि घरातील खासगीपणा जपणे या तीन कारणांसाठी ही सुविधा अनेकदा बंद केली जाते. एकाच संगणकावर अशा एकाहून अधिक सुविधा स्वतंत्रपणे कार्यरत असू शकतात. त्यामुळे एक बंद केल्याने दुसरी आपोआप बंद होत नाही.

इतिहास

१९९९ मध्ये आलेल्या फ्रॅप्ससारख्या जुन्या आज्ञावलीत चित्रण सुरू करणे आणि थांबवणे खेळाडूच्या हातात होते. चित्र आकसण्याचे (एन्कोडिंगचे) काम तेव्हा मुख्य प्रक्रियकावर पडत असल्याने खेळाची गती जाणवण्याइतकी मंदावत असे. पुढे या कामासाठी स्वतंत्र परिपथ आले. इंटेलने २०११ मध्ये क्विक सिंक आणले, तर एनव्हिडियाने २०१२ मधील केप्लर पिढीच्या ग्राफिक्स कार्डांत एनव्हीएन्क हा परिपथ बसवला. त्यामुळे सतत चित्रण करणे व्यवहार्य ठरले.

ऑक्टोबर २०१३ मध्ये एनव्हिडियाच्या शॅडोप्ले सुविधेची चाचणी आवृत्ती उपलब्ध झाली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये बाजारात आलेल्या प्लेस्टेशन ४ या खेळयंत्रात शेवटची १५ मिनिटे राखून ठेवण्याची सोय होती. जुलै २०१५ मध्ये विंडोज १० प्रणालीसोबत 'गेम डीव्हीआर' संगणकांवर आले. एएमडीने डिसेंबर २०१६ मध्ये रीलाइव्ह ही सुविधा दिली. खेळांची विक्री करणाऱ्या स्टीम या मंचाने आपली स्वतंत्र रेकॉर्डिंग सुविधा जून २०२४ मध्ये चाचणीसाठी आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वांसाठी खुली केली.

कार्यपद्धती

१९२० × १०८० बिंदूंच्या एका पूर्ण चित्रचौकटीला, प्रत्येक बिंदूस ३ बाइट धरल्यास, सुमारे ६.२ मेगाबाइट जागा लागते. सेकंदाला ६० चौकटी धरल्या तर हा आकडा सेकंदाला सुमारे ३७३ मेगाबाइट होतो. एवढी माहिती जशीच्या तशी साठवणे शक्य नसल्याने प्रत्येक चौकट आधी आकसली जाते आणि मग मुख्य स्मृतीत किंवा डिस्कवरील तात्पुरत्या फाइलीत ठेवली जाते. ठरलेली कालमर्यादा भरली की सर्वांत जुना भाग पुसला जातो. हे चक्र खेळ संपेपर्यंत चालू राहते.

बंद करण्याची कारणे

वेग : सेकंदाला ६० चौकटी दाखवायच्या असतील तर प्रत्येक चौकट तयार करण्यासाठी संगणकाला सुमारे १६.७ मिलिसेकंद मिळतात. स्वतंत्र ग्राफिक्स कार्ड असलेल्या संगणकावर चित्रणाचा भार सहसा थोडा असतो. मात्र ग्राफिक्सचे काम मुख्य प्रक्रियकातच होणाऱ्या, कमी स्मृती असलेल्या किंवा जुनी फिरती हार्ड डिस्क वापरणाऱ्या संगणकावर खेळ अधूनमधून अडखळू लागतो. लॅपटॉपवर बॅटरीही लवकर संपते.

जागा : सेकंदाला ५० मेगाबिट या दराने १० मिनिटांच्या चित्रणाला सुमारे ३.७५ गीगाबाइट जागा लागते. जतन केलेल्या चित्रफिती आपोआप पुसल्या जात नाहीत. विंडोजमध्ये त्या 'व्हिडिओज' फोल्डरमधील 'कॅप्चर्स' या उपफोल्डरमध्ये साचत जातात.

खासगीपणा : मायक्रोफोन चालू ठेवून चित्रण होत असल्यास खेळाडूच्या आवाजासोबत खोलीतील इतरांचे बोलणेही नोंदले जाते. काही सुविधांत खेळाबरोबर संपूर्ण पडद्याचे चित्रण करण्याचाही पर्याय असतो. घरातील एकाच संगणकावर खेळ, अभ्यास, शिष्यवृत्तीचे अर्ज आणि बँकेचे व्यवहार होत असतील, तर या पर्यायामुळे ओळखपत्रांचे किंवा खात्याचे तपशील चित्रफितीत येऊ शकतात. भारताचा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण अधिनियम, २०२३ हा एखाद्या व्यक्तीने केवळ वैयक्तिक किंवा घरगुती कारणासाठी हाताळलेल्या माहितीला लागू होत नाही. त्यामुळे घरातल्या घरात झालेल्या अशा चित्रणाबाबत सावधगिरी बाळगण्याची जबाबदारी प्रामुख्याने संगणक वापरणाऱ्यांवरच राहते.

बंद करण्याची पद्धत

विंडोज : विंडोज ११ मध्ये 'सेटिंग्ज', 'गेमिंग', 'कॅप्चर्स' या क्रमाने गेल्यावर 'रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड' हा पर्याय दिसतो. तो बंद केल्यावर पार्श्वभूमीतील चित्रण थांबते. विंडोज १० मध्ये त्याच जागी 'रेकॉर्ड इन द बॅकग्राउंड' या शब्दांनी सुरू होणारा पर्याय असतो. चित्रणाच्या वेळी मायक्रोफोन चालू ठेवण्याचा पर्याय याच पानावर आहे. ही निवड प्रत्येक वापरकर्त्याच्या खात्यापुरती असते. घरातील व्यक्तींची वेगवेगळी खाती असतील तर प्रत्येक खात्यात ती स्वतंत्रपणे करावी लागते. विंडोजच्या प्रो आवृत्तीत 'ग्रुप पॉलिसी' या साधनातून संपूर्ण संगणकासाठी खेळांचे चित्रण आणि प्रक्षेपण एकदमच बंद करता येते. होम आवृत्तीत हे साधन दिलेले नसते.

एनव्हिडिया : ऑल्ट आणि झेड या कळा एकत्र दाबल्यावर उघडणाऱ्या पट्टीत 'इन्स्टंट रिप्ले' हा पर्याय बंद करता येतो. ऑल्ट, शिफ्ट आणि एफ१० या कळा एकत्र दाबल्यानेही तो चालू किंवा बंद होतो. म्हणूनच ही सुविधा नकळत चालू होण्याची शक्यता राहते.

एएमडी : 'एएमडी सॉफ्टवेअर : अ‍ॅड्रेनलिन एडिशन' या आज्ञावलीच्या रेकॉर्डिंग विभागात 'इन्स्टंट रिप्ले', 'इन-गेम रिप्ले' आणि 'इन्स्टंट जीआयएफ' असे तीन पर्याय असतात. तिन्हींना शेवटचे काही क्षण साठवून ठेवावे लागतात, म्हणून तिन्ही बंद करणे आवश्यक असते.

स्टीम : 'सेटिंग्ज' मधील 'गेम रेकॉर्डिंग' या पानावर 'रेकॉर्डिंग ऑफ' हा पर्याय निवडल्यास स्टीमकडून होणारे चित्रण थांबते. निवडक खेळांसाठी वेगळी मांडणी करण्याची सोयही येथे आहे. पुण्यातील नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने विकसित केलेल्या 'राजी : अ‍ॅन एन्शंट एपिक' (संगणक आवृत्ती, ऑक्टोबर २०२०) यासारख्या कथाप्रधान, एकट्याने खेळायच्या खेळात मागील क्षण जपण्याची गरज सहसा भासत नाही. स्पर्धात्मक नेमबाजीच्या खेळात मात्र निर्णायक क्षण आधी कळत नसल्याने अनेक खेळाडू ही सुविधा चालू ठेवणे पसंत करतात.

पडताळणी

सर्व पर्याय बंद केल्यानंतर कोणतेही चित्रण चालू नाही याची खात्री विंडोजच्या 'टास्क मॅनेजर'मधून करता येते. खेळ चालू असताना 'परफॉर्मन्स' विभागातील ग्राफिक्स कार्डाच्या पानावर 'व्हिडिओ एन्कोड' हा आलेख पाहतात. आलेख शून्यावर स्थिर असेल तर ग्राफिक्स कार्डाच्या साहाय्याने चित्रण होत नाही असे समजावे. तो हलताना दिसल्यास एखादी सुविधा अद्याप चालू असण्याची शक्यता असते. मात्र व्हिडिओ कॉल किंवा थेट प्रक्षेपण चालू असतानाही हा आलेख वर जातो, म्हणून तपासणीपूर्वी ते थांबवावे लागतात.

प्रचलित गैरसमज

'गेम मोड' आणि पार्श्वभूमीतील चित्रण यांची अनेकदा गल्लत होते. गेम मोड ही खेळाला संगणकाच्या साधनांत प्राधान्य देणारी वेगळी सोय आहे, ती बंद केल्याने चित्रण थांबत नाही. विंडोज आणि जी या कळांनी उघडणारी 'गेम बार' ही पट्टी नुसती असणे म्हणजेही चित्रण चालू असणे नव्हे. उलटपक्षी, गेम बारमध्ये एखाद्या आज्ञावलीची 'हा खेळ आहे' अशी नोंद चुकून झाली असेल, तर खेळ नसलेल्या त्या आज्ञावलीचेही चित्रण होऊ शकते.

गेम बार संगणकातून काढून टाकणे हा उपाय अनेकदा सुचवला जातो. तसे केल्यास खेळ सुरू करताना किंवा नियंत्रकावरील कळ दाबताना विंडोज नवे अ‍ॅप शोधण्याची सूचना वारंवार दाखवू शकते. म्हणून सुविधा काढून टाकण्याऐवजी तिचे पर्याय बंद करणे अधिक सोयीचे ठरते.

सततच्या चित्रणाने एसएसडी लवकर निकामी होते, ही भीतीही पुष्कळ अंशी अतिरंजित आहे. सेकंदाला ५० मेगाबिट या दराने रोज ४ तास चित्रण झाल्यास सुमारे ९० गीगाबाइट माहिती लिहिली जाते. ६०० टेराबाइट लेखनक्षमता असलेली एसएसडी या हिशेबाने सुमारे १८ वर्षे पुरेल. चित्रण बंद करण्याची सबळ कारणे खेळाचा वेग आणि घरातील माणसांचा खासगीपणा हीच आहेत. सुविधा बंद केल्यावरही आधी जतन झालेल्या चित्रफिती डिस्कवर तशाच राहतात. त्या पाहून नको असलेल्या स्वतंत्रपणे पुसाव्या लागतात.