‘पाणी कमी आहे!’

पुण्यात हे वाक्य उन्हाळ्यात महापालिकेकडून ऐकायची सवय असते. मला ते ऐकवलं सोनोग्राफीवाल्या डॉक्टरांनी, छत्तिसाव्या आठवड्यात. दुपारी तीनला क्लायंट कॉल होता, हँडओव्हरची फाइल अर्धीच झाली होती आणि रिपोर्टवर ठळक अक्षरांत लिहिलं होतं... एएफआय ४.६. ड्यूटीवरच्या डॉक्टरांनी तो पाहिला आणि म्हणाल्या, ‘‘उद्या ॲडमिट व्हा, कळा आणू.’’ उद्या? अजून चार आठवडे बाकी होते!

एएफआय म्हणजे अम्निऑटिक फ्लुइड इंडेक्स, बाळाभोवतीच्या गर्भजलाचं माप. मला वाटायचं, मशीन आपोआप लिटरमध्ये सांगत असेल. अजिबात नाही. बेंबी मध्यावर धरून पोटाचे चार भाग करायचे, पिझ्झाचे करतो तसे. प्रत्येक भागात प्रोब जमिनीशी काटकोनात धरायचा आणि पाण्याचा सगळ्यात खोल कप्पा शोधायचा. मध्ये बाळाचे हातपाय किंवा नाळ येता कामा नये. त्याची उभी खोली मोजायची आणि चारही आकड्यांची बेरीज करायची. ही पद्धत १९८७ची. साधारण ५ ते २५ सेंटिमीटर म्हणजे ठीक, ५ च्या खाली गेलं की ‘कमी’.

मी घरी पोचायच्या आत बातमी पोचली होती. आई फोनवर सुरू झाली, ‘‘दिवसभर एसीत बसून पाणी प्यायचं विसरतेस, दुसरं काय!’’ सासूबाईंनी कोपऱ्यावरून चार शहाळी मागवली. नवऱ्याने नेट उघडलं आणि रात्रीपर्यंत घाबरून अर्धा झाला. मी मात्र कॉफीचे कप मोजत स्वतःलाच शिव्या देत होते.

दुसऱ्या दिवशी माझ्या नेहमीच्या डॉक्टर भेटल्या. त्यांनी आधी माझा गिल्ट काढला. विसाव्या आठवड्यानंतर हे पाणी म्हणजे बहुतेक बाळाची शू असते म्हणे! बाळ तेच पितं, पुन्हा शू करतं. (नवऱ्याचा चेहरा बघण्यासारखा झाला होता.) म्हणून पाणी कमी दिसलं तर आधी हे बघायचं की पिशवी गळतेय का, वारेतून बाळाला पुरेसं रक्त मिळतंय का, त्याच्या किडन्या नीट आहेत का. आयब्युप्रोफेनसारख्या गोळ्यांनीही पाणी कमी होऊ शकतं, म्हणून पाठदुखीवर मनाने गोळी घ्यायची नाही. आईने भरपूर पाणी प्यायलं तर आकडा थोडा वाढतो, एवढं खरं.

मग त्यांनी रिपोर्टचं दुसरं पान मागितलं. तिथे चार आकडे होते. १.२, ०, २.३ आणि १.१. बेरीज ४.६, म्हणजे कमी. पण दुसऱ्या पद्धतीत फक्त सगळ्यात खोल कप्पा बघतात आणि तो २ ते ८ असला की नॉर्मल. माझा २.३ होता. तेच पोट, तेच आकडे आणि निकाल दोन! पूर्ण दिवस भरलेल्या हजाराहून जास्त बायकांवर केलेला ‘सेफ’ नावाचा अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. त्यात बेरजेच्या पद्धतीने ‘पाणी कमी’ असं जास्त जणींना सांगितलं गेलं, कळाही जास्त जणींना आणल्या गेल्या, पण बाळांना त्याचा जास्त फायदा झाला नाही. प्रोब जोरात दाबला तरी आकडा घसरतो, हे वेगळंच.

म्हणून काय आकडा हसण्यावारी न्यायचा? मुळीच नाही. डॉक्टरांनी गळती तपासली, डॉपलर केलं, बाळाचे ठोके अर्धा तास कागदावर काढले. सगळं ठीक निघालं तेव्हाच म्हणाल्या, ‘‘दोन दिवस थांबू. पण बाळाची हालचाल कमी वाटली किंवा पाणी गळल्यासारखं वाटलं तर रात्री दोनलाही निघायचं, सकाळची वाट बघायची नाही.’’

ते दोन दिवस मी एक मेल धड लिहिला नाही. डाव्या कुशीवर पडून नुसत्या लाथा मोजल्या.

तिसऱ्या दिवशी पुन्हा सेंटर, पुन्हा फॉर्म एफवर सही, पुन्हा तो गार जेल. १.६, ०.५, २.६, १.४. मी झोपल्या-झोपल्याच बेरीज केली. ६.१!

लेक एकोणचाळिसाव्या आठवड्यात झाली. आई अजूनही सगळं क्रेडिट त्या चार शहाळ्यांना देते.