भावाचं कर्ज, जप्ती तुमच्या घरावर?

धाकट्या भावाने पतसंस्थेचं कर्ज थकवलं. तो गाव सोडून गेला आणि वसुलीचा माणूस थोरल्याच्या दारात उभा राहिला. ‘तुम्ही भरा, नाहीतर घरावर जप्ती आणू,’ असं तो दरडावतो. थोरला घाबरून बायकोचे दागिने मोडायला निघतो. त्याआधी त्याने एक कागद मागून पाहायला हवा : कर्जाच्या प्रकरणावर आपली सही आहे का?

केवळ रक्ताच्या किंवा लग्नाच्या नात्यामुळे कोणी कोणाचा कर्जदार होत नाही. नवऱ्याच्या वैयक्तिक कर्जापोटी बायकोचं स्त्रीधन किंवा तिने कमावलेली सदनिका जप्त करता येत नाही. मुलाच्या कर्जापोटी बापाचं स्वकष्टार्जित घरही नाही. (गोव्यात मात्र पती-पत्नीची मालमत्ता बहुधा सामाईक असते, त्यामुळे तिथे हिशेब वेगळा होतो.)

गोष्ट बदलते ती सहीने. ‘नुसती सही दे, बाकी मी बघतो’ असं म्हणून पाहुण्यारावळ्यांना जामीनदार केलं जातं. पण भारतीय करार कायद्याच्या कलम 128 नुसार करारात वेगळं ठरलं नसेल, तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. आधी कर्जदाराची मालमत्ता विका, मग माझ्याकडे या, असं म्हणण्याची सोय त्याला सहसा नसते. सहकारी पतसंस्था सहकार कायद्याच्या कलम 101 खाली वसुली दाखला मिळवते, त्यावर दोघांचीही नावं असतात आणि सात-बाऱ्यावर बोजा चढतो. मुलाच्या धंद्यासाठी आईने आपलं घर बँकेकडे गहाण ठेवलं असेल, तर सरफेसी कायद्याखाली 60 दिवसांची नोटीस देऊन बँक दिवाणी दावा न लावताही ताबा घेण्याची कारवाई सुरू करू शकते.

दुसरी वाट वारशाची. वडिलांवर आठ लाखांचं कर्ज होतं आणि त्यांच्या मागे मुलाला तीन लाखांची मालमत्ता मिळाली, तर मुलाची जबाबदारी त्या तीन लाखांपुरतीच. त्याच्या स्वतःच्या पगाराला किंवा घराला हात लावता येत नाही. बापाचं ऋण फेडणं हे मुलाचं धर्मकर्तव्य, असं जुना हिंदू कायदा मानत असे; जुगार-दारूसाठी काढलेलं कर्ज तेवढं त्यातून वगळलेलं होतं. 9 सप्टेंबर 2005 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने, त्यानंतरच्या कर्जांसाठी निव्वळ या कर्तव्याच्या आधारावर मुलगा, नातू किंवा पणतू यांच्यावर वसुली करता येत नाही. एकत्र कुटुंबाच्या खऱ्या गरजेसाठी कर्त्याने काढलेल्या कर्जात मात्र वडिलोपार्जित मालमत्ता अडकू शकते.

खुद्द कर्जदाराचंही सगळंच जप्त होत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 ने त्याचे आणि बायकामुलांचे अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची अवजारं वगळली आहेत. धार्मिक रूढीप्रमाणे स्त्रीला अंगावेगळे करता येत नाहीत असे दागिनेही त्यात येतात, मंगळसूत्र त्यातलंच.

आणि बेलिफाने भावाच्या हुकूमनाम्यावर तुमचीच वस्तू जप्तीत धरली तर? ऑर्डर 21, नियम 58 खाली त्याच कोर्टात हरकत अर्ज द्यावा. सोबत खरेदीखत, मालमत्ता पत्रक, घरपट्टीची पावती, बँकेचा उतारा जोडावा. अर्ज लिलावाआधी हवा. उशीर केला तर तो ऐकलाच जाणार नाही. जप्तीच्या भीतीने भावाने घाईघाईत तुमच्या नावावर करून दिलेलं बक्षीसपत्र मात्र इथे कामाला येणार नाही. धनकोला बुडवण्यासाठी केलेलं हस्तांतरण कोर्ट रद्द ठरवू शकतं.

जामीनदार म्हणून पैसे भरावेच लागले, तर धनकोचे हक्क तुमच्याकडे येतात आणि मूळ कर्जदाराकडून ती रक्कम वसूल करता येते. त्यासाठी भरणा बँकेतून करावा आणि पावती स्वतःच्या नावाने, ‘जामीनदार म्हणून भरले’ असं लिहून घ्यावी. भावाकडून पैसे मागायची वेळ आली, तर हाच कागद पुरावा ठरेल.