तोच की तसाच?

गळ्यात घालायच्या क्रुसावर लॅटिन अक्षरं कशासाठी? संस्कृत का नको? इंग्लंडमधल्या वाँटेज इथे बाप्तिस्मा घेतलेल्या पंडिता रमाबाईंनी हा प्रश्न आपल्या गुरुस्थानी असलेल्या सिस्टर जेराल्डीन यांना पत्रातून विचारला होता. लॅटिन ही ना आपली मातृभाषा, ना आपल्या पूर्वजांची. मग जे आपण छातीवर मिरवणार, ते आपल्याला कळायला नको का? वरवर पाहता मुद्दा एका दागिन्याचा होता. पण त्याच पत्रव्यवहारात एक फार मोठा वाद पेटला. ज्याला मराठी ख्रिस्ती लोक ‘त्रैक्य’ म्हणतात, ते पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव, हे मत रमाबाई मानायला तयार नव्हत्या.

ही पत्रं सिस्टर जेराल्डीन यांनी जपून ठेवली. अ. भि. शहा यांनी त्यांचं संपादन केलं आणि १९७७ साली महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने ती प्रसिद्ध केली. रमाबाईंविषयी आपण बोलतो ते शारदा सदन, केडगावचं मुक्ती मिशन आणि विधवांचं शिक्षण यांविषयी. आपल्या रत्नागिरी जिल्ह्यातल्या गोदूबाई जोशी, म्हणजे पुढे बाया कर्वे, त्यांच्या सदनात शिकल्या, हे आपण अभिमानाने सांगतो. पण रमाबाई तत्त्वचिंतक होत्या, याकडे आपलं सहसा लक्ष जात नाही. माझ्या मते, त्रैक्याचा सिद्धांत कसा घडला हे मराठी माणसाला समजून घ्यायचं असेल, तर ही पत्रं हाच सर्वांत जवळचा दरवाजा आहे. चौथ्या शतकात इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात आणि आजच्या तुर्कस्तानातल्या कप्पदुकियात जे प्रश्न लोकांनी विचारले, ते सत्ताविशीतल्या या बाईंनी १८८५ साली इंग्लंडमधल्या चेल्टनहॅममध्ये बसून पुन्हा विचारले.

आधी रत्नागिरीतला एक अडथळा दूर करू. ‘एकात तीन’ म्हटलं की इथे कुणालाही दत्तगुरू आठवतात. ब्रह्मा, विष्णू, महेश. एक निर्माण करतो, एक सांभाळतो, एक लय करतो. तुलना सहज सुचते, पण ती पुढे नेली की वाट चुकते. त्रिमूर्तीत कामांची वाटणी आहे. आरंभीच्या ख्रिस्ती आचार्यांनी आग्रहाने नेमकं उलटं सांगितलं: देवाचं कोणतंही काम तिघांचं वेगवेगळं नसतं, प्रत्येक कृती एकच असते.

दुसरी चूक त्याहून मोहक आहे, आणि ती नमन-खेळे पाहिलेल्या माणसाला लगेच कळेल. खेळातला गडी संकासुराचं सोंग घेतो, ते उतरवतो, मग दुसरं घेतो. गडी एकच, सोंगं अनेक. तिसऱ्या शतकाच्या आरंभी रोममध्ये साबेल्लियुस नावाच्या शिक्षकाच्या नावावर असंच मत चिकटलं: देव एकच, पित्याच्या, पुत्राच्या आणि आत्म्याच्या रूपाने तो वेळोवेळी प्रकटला. चर्चने ते नाकारलं. कारण मग गेथशेमाने बागेत येशू प्रार्थना करतो ती कुणाला? सोंग गड्याशी बोलतंय असं म्हणायचं का?

गंमत अशी की, पुढे चर्चने जो शब्द स्वीकारला, तोच मुळात सोंगाचा होता. कार्थेजच्या तर्तुल्लियन या तीक्ष्ण लेखकाने इ. स. २१३च्या सुमारास ‘एक सत्त्व, तीन पेर्सोना’ अशी लॅटिन मांडणी केली. ‘त्रिनितास’ हा शब्दही लॅटिनमध्ये त्यानेच रुळवला. पेर्सोना म्हणजे नटाचा मुखवटा, मग पात्र, आणि पुढे व्यक्ती. मराठीत आपण ‘तीन व्यक्ती’ म्हणतो. पण संस्कृतात ‘व्यक्त’ म्हणजे प्रकट झालेलं. म्हणजे ‘व्यक्ती’ शब्दातही ‘अव्यक्त एक, प्रकट रूपं तीन’ असा साबेल्लियुसकडे झुकणारा ध्वनी आहे. उलट आजच्या बोलीतला अर्थ घेतला, तर तीन व्यक्ती म्हणजे सरळ तीन माणसं. शब्द दोन्हीकडून निसटतो. रमाबाईंसारख्या संस्कृतात वाढलेल्या स्त्रीला ही अडचण जाणवली नसेल, यावर माझा विश्वास बसत नाही.

खरा स्फोट झाला तो अलेक्झांड्रियात. तिथला अरियस हा धर्मगुरू तर्काचा पक्का होता. पुत्र जन्मला असेल तर त्याला आरंभ असणार. म्हणजे तो नव्हता अशी एक अवस्था मानावीच लागेल. म्हणजे तो कितीही थोर असला तरी निर्मितीच, देव नव्हे. अरियसने हे विचार गाण्यांत बांधले आणि ती खलाशांच्या, वाटसरूंच्या, दळणाऱ्यांच्या तोंडी गेली, असं जुने इतिहासकार सांगतात. जात्यावर ईश्वरशास्त्र गायलं जाणं आपल्याला नवं नाही. पण तिथे त्या ओव्यांनी साम्राज्य दुभंगलं.

रोमन बादशहा कॉन्स्टंटाइनला एकी हवी होती. त्याने ३२५ साली निकाया इथे, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या इझनिक गावी, धर्माध्यक्षांची परिषद भरवली. सुमारे तीनशे जण जमले. त्यांनी पुत्राविषयी एक शब्द ठरवला: होमोऊसिओस, पित्याशी एकाच सत्त्वाचा. हा शब्द बायबलमध्ये कुठेही नाही. अनेकांना तो त्यामुळेच खटकला. पुढे काहींनी तडजोड सुचवली: होमोइऊसिओस म्हणा, म्हणजे ‘सारख्या सत्त्वाचा’. ग्रीकात फरक एका छोट्याशा अक्षराचा. मराठीत तो आणखी नेमका सांगता येतो: पुत्र म्हणजे पिता जो आहे ‘तोच’, की ‘तसाच’?

अथनासियस निकायाला केवळ डीकन, म्हणजे दुय्यम धर्मसेवक, म्हणून आला होता. ३२८ साली तो अलेक्झांड्रियाचा धर्माध्यक्ष झाला आणि ‘तोच’साठी त्याने उभं आयुष्य दिलं. पाच वेळा हद्दपारी, सुमारे सतरा वर्षं आपल्या नगराबाहेर. त्याचा युक्तिवाद मला फार जिवंत वाटतो, कारण तो व्याकरणातून नव्हे, तर उपासनेतून निघतो. ख्रिस्ती लोक ख्रिस्ताची प्रार्थना करत आलेत. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा यांच्या नावाने बाप्तिस्मा देत आलेत. पुत्र निर्मिती असेल तर ही सारी मूर्तिपूजा ठरेल. आणि जो स्वतः निर्माण झाला, तो दुसऱ्या निर्मितीला देवापर्यंत कसा नेणार? म्हणजे आधी भक्ती होती, शब्द तिच्या मागून धावत आले.

तरीही वाद शमेना. त्याचं एक कारण भाषांतराचं होतं. ग्रीक लोक ‘तीन हिपोस्तासिस’ म्हणत. लॅटिन माणसाच्या कानाला ते ‘तीन सत्त्वं’, म्हणजे तीन देव, असं ऐकू येई. लॅटिन लोकांचे ‘पेर्सोना’ ग्रीकांना मुखवटे वाटत. ३६२ साली अलेक्झांड्रियात अथनासियसने दोन्ही पक्षांना बोलावलं आणि शब्दावर अडून न बसता विचारलं: तुम्हाला म्हणायचंय काय? उत्तरं ऐकली, तेव्हा दोघांचा अर्थ एकच निघाला. ज्याने एका शब्दासाठी देश सोडला, त्यानेच ही सभा घेतली, याचं मोल मला निकायापेक्षा तिळभरही कमी वाटत नाही.

मग कप्पदुकियाचे तिघे आले: कैसरियाचा बसिल, त्याचा धाकटा भाऊ निसाचा ग्रेगरी आणि मित्र नाझियान्झसचा ग्रेगरी. या दोघा भावांची थोरली बहीण माक्रीना ही निसाच्या ग्रेगरीची गुरूच होती. बसिलचं पवित्र आत्म्यावरचं पुस्तक शब्दयोगी अव्ययांच्या भांडणातून जन्मलं: स्तुती पवित्र आत्म्या‘मध्ये’ करायची की पवित्र आत्म्या‘सह’? प्रत्यय बदलला की देवाचं स्वरूप बदलतं, असं मानणारी ती माणसं होती. पाणिनी घोकलेल्या माणसाला ती परकी वाटू नयेत. निसाच्या ग्रेगरीपुढे साधा प्रश्न आला: पेत्र, याकोब, योहान यांना आपण तीन माणसं म्हणतो, मग पिता, पुत्र, आत्मा यांना तीन देव का नाही? आपल्याकडच्या सामाईक सातबाऱ्याचा दाखला घेऊन पाहा: नावं तीन, जमीन एक. पण तिथे प्रत्येकाचा हिस्सा निराळा असतो आणि उद्या वाटप होऊ शकतं. ग्रेगरी म्हणाला, इथे हिस्सेच नाहीत. पित्यापासून निघून, पुत्राच्या द्वारे, आत्म्यात पूर्ण होणारी एकच क्रिया आहे. ३८१ साली कॉन्स्टँटिनोपलच्या परिषदेने या विचाराच्या बाजूने कौल दिला.

आता चेल्टनहॅमला परत येऊ. रमाबाईंचा बाप्तिस्मा झाला २९ सप्टेंबर १८८३ रोजी. पुण्यातल्या पंचहौद मिशनशी जोडलेले नीळकंठशास्त्री ऊर्फ नेहेमिया गोरे यांच्या एका दीर्घ पत्राने आपण ख्रिस्ताकडे वळलो, असं त्यांनी पुढे स्वतःच लिहिलं. पण बाप्तिस्म्यानंतर ख्रिस्ताचं देवत्व आणि त्रैक्य यांवर त्यांची शंका उभी राहिली. त्यांच्यासमोर ठेवलं गेलं ते अथनासियसच्या नावाने ओळखलं जाणारं श्रद्धासूत्र, जे इंग्लंडच्या चर्चमध्ये ठरलेल्या सणांना म्हटलं जाई आणि जे न मानणाऱ्याच्या नाशाची ग्वाही देई.

हे सूत्र अथनासियसने लिहिलेलंच नाही. ते मूळ लॅटिनमधलं, त्याच्या मृत्यूनंतर कितीतरी वर्षांनी, बहुधा गॉलमध्ये, म्हणजे आजच्या फ्रान्सच्या भागात रचलेलं. त्यात जिज्ञासा संपलेली आहे. निष्कर्ष एकाखाली एक रचलेत. ज्या सिद्धांतामागे हद्दपारी, गाणी, बहिणीची शिकवण आणि ‘तुम्हाला म्हणायचंय काय?’ हा प्रश्न होता, तो रमाबाईंच्या हाती आला तो असा, धमकीच्या वेष्टनात. त्यांनी तो परत केला. आपण पुरोहितशाहीचं एक जोखड उतरवून आलो आहोत, दुसरं मानेवर घेणार नाही, या आशयाचं त्यांनी स्पष्ट लिहिलं. बायबल वाचून स्वतः ठरवण्याचा हक्क त्या सोडायला तयार नव्हत्या. सिस्टर जेराल्डीन यांना यात गर्व दिसला. चेल्टनहॅमच्या ज्या कॉलेजात रमाबाई होत्या, तिथल्या प्राचार्या डोरोथिया बील मात्र वेगळ्या होत्या. त्या रमाबाईंच्या शंकेला शंका म्हणून उत्तर देत राहिल्या. अथनासियसच्या ३६२च्या सभेचा वारसा त्या पत्रव्यवहारात कुणी चालवला असेल, तर तो त्यांनीच, असं मी म्हणेन.

आपल्या भाषांत या तत्त्वासाठी वाट शोधणारे पुढे आणखी झाले. बंगालचे ब्रह्मबांधव उपाध्याय यांनी १८९८ साली ‘सच्चिदानंद’ या वेदान्ती शब्दात पिता, पुत्र, आत्मा यांना वंदन करणारं संस्कृत स्तोत्र रचलं. रत्नागिरी जिल्ह्यातल्या करजगावात जन्मलेले ना. वा. टिळक १८९५ साली ख्रिस्ती झाले आणि त्यांनी वाद बाजूला ठेवून अभंगाची वाट धरली. तुकारामांच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो, असं ते म्हणत.

रमाबाई भारतात परतल्या आणि १८९०च्या दशकात ख्रिस्ताविषयीच्या त्यांच्या श्रद्धेला नवी खोली आली. १९०५ साली केडगावला मुक्ती मिशनमध्ये पवित्र आत्म्याचा अनुभव सांगणाऱ्या मुलींच्या प्रार्थनांनी दिवस-रात्र भरून गेले. ज्या तिसऱ्यासाठी बसिलने प्रत्ययांवर पुस्तक लिहिलं, तो इथे आधी अनुभवाला आला. त्या काळात रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकून संपूर्ण बायबल मराठीत आणत होत्या, साध्या बायकांना कळेल अशा मराठीत. ५ एप्रिल १९२२ला त्या गेल्या, त्याच्या अगदी थोडं आधी ते काम हातावेगळं झालं.

मत्तयच्या शुभवर्तमानाच्या शेवटी बाप्तिस्म्याचं ते वाक्य आहे. मूळ ग्रीकात तिथे ‘नाव’ हा शब्द एकवचनी आहे आणि त्यापुढे पिता, पुत्र, पवित्र आत्मा असे तिघे येतात. वाँटेजला हेच वाक्य रमाबाईंच्या डोक्यावरच्या पाण्याबरोबर इंग्रजीतून उच्चारलं गेलं होतं. केडगावला ते ग्रीक पानावर समोर घेऊन त्यांना एकेका शब्दाचं मराठी ठरवायचं होतं.