रडू न आल्याची सल

६ ऑगस्ट १९४५. सेत्सुको नाकामुरा ही तेरा वर्षांची मुलगी हिरोशिमाच्या लष्करी मुख्यालयात सांकेतिक संदेश उलगडण्याच्या कामावर होती. युद्धाच्या अखेरीस जपानने शाळकरी मुलांनाही असं कामाला जुंपलं होतं. अणुबॉम्ब तिथून १.८ किलोमीटरवर पडला. ढिगाऱ्यातून कुणीतरी तिला वाट दाखवली, ती रांगत बाहेर आली. खोलीतल्या बहुतेक मैत्रिणी आतच जिवंत जळाल्या.

थोरली बहीण आणि तिचा चार वर्षांचा मुलगा ओळखू न येण्याइतके भाजले. पोर शेवटपर्यंत पाणी मागत होतं. पुढे सैनिकांनी दोघांची प्रेतं खड्ड्यात टाकून पेटवली, बांबूने उलटीपालटी केली. सेत्सुको बघत उभी होती, पण डोळ्यांत टिपूस आलं नाही. आपण कसलं माणूस, हा प्रश्न तिला पुढे कित्येक वर्षं छळत राहिला.

अमेरिकी मनोविकारतज्ज्ञ रॉबर्ट जे लिफ्टन यांनी १९६२मध्ये हिरोशिमात राहून वाचलेल्यांशी सविस्तर बोलणं केलं. सोसण्यापलीकडचं समोर आलं की मन दारं लावून घेतं, हे त्यांनी नोंदवलं. त्यांचं लिखाण वाचल्यावर सेत्सुकोंना आपल्या कोरड्या डोळ्यांचा अर्थ लागला.

लिफ्टनना दुसरी गोष्टही सतत ऐकू आली: मीच का वाचलो? कुणी ढिगाऱ्यातल्या हाका मागे टाकून पळालं होतं, कुणाचे सोबती गेले आणि तो एकटा उरला होता. पाण्याची टोचणी तर विलक्षण. भाजलेल्याला पाणी दिलं तर तो दगावतो, असा तेव्हा समज होता. ज्यांनी पाणी नाकारलं ते जन्मभर हळहळले. ज्यांनी दिलं आणि समोरचा तिथेच गेला, तेही. हिरोशिमाच्या वार्षिक स्मरणसभेत आजही मृतांना पाणी अर्पण करतात.

हे बोलायचं कुणाजवळ? युद्धानंतरच्या अमेरिकी ताब्याच्या काळात बॉम्बविषयीच्या लिखाणावर सेन्सॉरची नजर होती. किरणोत्सर्गाच्या भीतीने मुलामुलींची लग्नं मोडत, म्हणून घरोघरी तोंड बंद. मनाच्या अशा जखमेला अमेरिकी मनोविकारशास्त्राच्या अधिकृत यादीत आघातोत्तर तणाव विकार म्हणून जागा मिळाली ती १९८०मध्ये.

सेत्सुको लग्नानंतर थर्लो झाल्या, कॅनडात समाजसेविका म्हणून राबल्या आणि शाळेतल्या ३५१ मृतांची नावं लिहिलेला फलक घेऊन जगभर बोलत राहिल्या. अण्वस्त्रबंदी मोहिमेला मिळालेलं शांततेचं नोबेल स्वीकारायला २०१७मध्ये ओस्लोच्या मंचावर त्याही होत्या. २०२४मध्ये हाच सन्मान बॉम्बग्रस्तांच्या निहोन हिदानक्यो संघटनेला मिळाला. आता त्या पिढीचं सरासरी वय ८५च्या पुढे आहे. त्यामुळे हिरोशिमा शहर २०१२पासून स्वयंसेवकांना एकेका बॉम्बग्रस्ताजवळ बसवून त्याची हकीकत शिकवतं, आणि तयार झालेली ही माणसं ती पुढच्या श्रोत्यांना सांगतात.